भैय्यालालच्या भिंतीला हार

माझी बायको कोणाला रस्ता विचारत नाही. ती रस्ता सांगते. समोरच्याने विचारलाच पाहिजे, अशी तिची अटही नाही. आमच्या बूढ़ापारा मोहल्ल्याच्या तोंडाशी कोणी स्कूटर थांबवून जरा इकडेतिकडे पाहिलं, की मंदाकिनीचा हात उठलाच. "कहाँ जाना है भैया? सीधे जाओ, फिर तालाब की तरफ!" त्या बिचाऱ्याला कुठेच जायचं नसतं, तो मोबाइलवर बोलायला थांबलेला असतो. तरी निमूट सरळ जातो. तिच्या आवाजात तेवढा दम आहे.

हा दम तिने रायपुरातच कमावला. माझी रेल्वेतली बदली गोंदियाहून इथे झाली तेव्हा छत्तीसगड राज्य अजून पाळण्यात होतं. तिला एका संचालनालयात कारकुनाची नोकरी लागली. राजधानी नवीन, खाती नवीन, आणि जागा मात्र कोणालाच पक्की नाही. आज एक खातं कुठल्याशा शाळेच्या मागच्या खोल्यांत, तर दिवाळीनंतर तेच कोणाच्या तरी भाड्याच्या बंगल्यात. रजेवरून परतलेल्या साहेबाला स्वतःचं कार्यालय सापडत नसे. मंदाकिनी जेवणाच्या सुट्टीत पायी हिंडून कोण कुठे गेलं ते बघून येई. मग बस्तर-सरगुज्याहून अर्ज घेऊन आलेली माणसं आधी तिच्या टेबलापाशी उभी राहत. पुढे सगळ्या कार्यालयांचं बिऱ्हाड नव्याने वसलेल्या नवा रायपूरला गेलं, तीही निवृत्त झाली. रस्ता सांगायची खोड तेवढी निवृत्त झाली नाही.

त्यात आमच्या वरच्या मजल्यावरच्या विनीताची मुलगी चित्रकार निघाली. कौमुदी तिचं नाव. मराठी सगळं कळतं, पण उत्तर हिंदीतून देते. तिने शिडी लावून मोहल्ल्यातल्या भिंती रंगवायला सुरुवात केली. एका स्कूटरवर बसलेलं अख्खं कुटुंब, तलावाच्या पायरीवर पाय सोडून बसलेल्या दोन मैत्रिणी, बोरं विकणारी म्हातारी. आणि गल्लीच्या वळणावर, जुन्या वखारीच्या भिंतीवर, आमचा इस्त्रीवाला भैय्यालाल. तो त्याच भिंतीखाली हातगाडी लावतो. चित्रात तो कोळशाच्या इस्त्रीवर वाकलाय आणि डोळे वर करून येणाऱ्याकडे बघतोय. इतका हुबेहूब, की लोक चुकून भिंतीलाच विचारायचे, शर्ट झाला का म्हणून.

चित्रं झाली, आता ती दाखवायला कोणीतरी हवंच की! मंदाकिनीने दर रविवारी सकाळी 'भिंतफेरी' सुरू केली. नवा रायपूरच्या कार्यालयांतली तरुण मंडळी, पंडरी बाजारातले कापडवाले, कोणाकडे आलेले पाहुणे, सगळे यायचे. ती पुढे, मी मागे. जन्मभर मालगाडीचा गार्ड म्हणून शेवटच्या डब्यात बसलो, इथेही रांगेच्या शेवटी चालतो. कोणी चहाच्या टपरीवर रेंगाळला तर हाकून आणणं माझं काम. भैय्यालालच्या भिंतीपाशी मंदाकिनी सगळ्यात जास्त वेळ बोलायची. तिची आणि भैय्यालालच्या बायकोची, विमलाची, आम्ही इथे आलो तेव्हापासूनची मैत्री. लोणचं, औषधपाणी, लेकरांची लग्नं, सगळं दोघींनी मिळून केलेलं.

राज्य स्थापनेच्या दिवशी मंदाकिनीने आमच्या मराठी मंडळातल्या लोकांसाठी खास फेरी ठेवली. अध्यक्ष शंकरराव पिंपळापुरे निवृत्त अधिकारी. देवमाणूस, पण प्रतिमापूजनाशिवाय त्यांचं पान हलत नाही. कोजागरीचं दूध असो की हळदीकुंकू, आधी टेबलावर प्रतिमा, तिला हार, उदबत्ती, दोन शब्द. ते पिशवीत झेंडूचा हार, नारळ आणि उदबत्तीचा पुडा घेऊनच आले.

"मंदाताई, प्रतिमा कुठाय?" भैय्यालालच्या भिंतीपाशी येऊन त्यांनी विचारलं.

"रस्त्यावर कुठची प्रतिमा, भाऊ?"

"असं कसं? आज राज्याचा दिवस हाय. हार तसाच परत नेऊ का?"

मंदाकिनीने क्षणभर इकडेतिकडे पाहिलं. हातगाडी झाकलेली होती. भैय्यालाल नातवाच्या छट्ठीला, सहाव्या दिवसाच्या जेवणाला, अभनपूरकडच्या त्याच्या गावी गेला होता. सणाचे कपडे पडले होते म्हणून विमला मागे थांबली होती, पण ती अजून घरीच गठ्ठे बांधत होती.

"ही काय प्रतिमा!" मंदाकिनी म्हणाली. "ज्यानं आपल्या सगळ्यांचे कपडे कडक ठेवले, त्याच्याहून मोठा कोण हाय? आना तो हार इकडे."

भैय्यालाल पिशवी अडकवायचा तो खिळा चित्राच्या डोक्याशीच होता. तिने स्वतःच्या हाताने त्यावर हार चढवला. तो बरोबर चित्राच्या गळ्यात उतरला. पिंपळापुऱ्यांनी उदबत्ती खोचली, नारळ फोडला, दोन शब्दांचे वीस केले. टाळ्या झाल्या, आणि आम्ही तलावाकडे निघालो. मागे वळून पाहिलं तर दोन स्कूटरवाले थांबून हात जोडत होते. आपल्या गावाला कलेची कदर आली, असं मला वाटलं. माझी अक्कल कुठे चरायला गेली होती कोण जाणे!

फेरी संपवून परतलो तर गल्लीत गर्दी. कोणी हळू आवाजात विचारतंय, "कब हुआ?" कोणी म्हणतंय, "गाँव में हुआ, अटैक आया." एकजण तर हातगाडीवरचं कापड उचलून स्वतःची पँट शोधत होता. आणि भिंतीखाली, सुटलेल्या गठ्ठ्यातल्या चादरींवर विमला बसली होती. ती रडत नव्हती. नुसती त्या हाराकडे बघत होती.

मंदाकिनी धावली. विमलाने तिचा हात धरला आणि विचारलं, "दीदी, आपको पता था? सबको पता था? मेरे को ही किसी ने नहीं बताया?"

"अरे कुछ नहीं हुआ! वो जिंदा है! माला मैंने डाली, मैंने!"

"जीते आदमी के फोटो पे माला कौन डालता है, दीदी?"

भैय्यालाल फोन घरीच चार्जिंगला लावून गेला होता, आणि मुलाचा फोन लागेना. मंदाकिनीने हार ओढून काढला, उदबत्ती विझवली, देवाची शपथ घेतली. विमलाला काही पटेना. तिला वाटलं, ही आपली समजूत काढतेय. मंदाकिनी मला म्हणाली, "उभे काहून राहिले? जा न, घेऊन या त्याले!"

मी स्कूटर काढली. गावी पोचलो तेव्हा भैय्यालाल पंगतीत बसून दुसऱ्यांदा भात घेत होता. हात धुवायला लावून त्याला मागे बसवला. रस्ताभर तो हसत होता. "हव भैया, अब तो मेरी उमर बढ़ गई!" आपल्याकडे मरणाच्या खोट्या बातमीने आयुष्य वाढतं म्हणतात, ते खरंही असेल. पण ज्याने ती बातमी ऐकली त्याचं किती कमी होतं, ते मला दुपारी विमलाचा चेहरा पाहून कळलं. तिने नवऱ्याला डोक्यापासून पायापर्यंत पाहिलं. त्याच्या दंडाला हात लावला. मग ती मंदाकिनीकडे वळली.

"ये दीवार पोत दो, दीदी. मुझे ये चित्र नहीं चाहिए."

एवढं बोलून ती घरात गेली आणि दार लावून घेतलं.

त्या आठवड्यात आमच्या घरात चूल पेटायची तेवढीच, बोलणं बंद. विमला समोरून कपडे घेऊन जायची, पण आमच्या दाराकडे पाहायची नाही. भैय्यालालला मात्र मजा वाटत होती. येईल त्या गिऱ्हाइकाला तो आपल्या मरणाची गोष्ट मीठमसाला लावून सांगायचा. पिंपळापुरे आले, म्हणाले, मंडळातर्फे दोघांचा शाल-श्रीफळ देऊन सत्कार करू, मिटून जाईल. मंदाकिनीने त्यांच्याकडे असं काही पाहिलं की ते चहा न घेता उठले. कौमुदी रडवेली होऊन आली. "आंटी, वो मेरा सबसे अच्छा काम है. प्लीज, आप उनको समझाओ ना."

"मले मालूम हाय, बाई," मंदाकिनी म्हणाली. "पण हार मी घातला, तर चुनाही मीच मारीन. तिनं सांगितलं ते करीन."

मलाही ते चित्र जायला नको होतं. भिंतफेरी निम्मी त्या भिंतीवरच चालायची. पण बायकोला अडवायची माझी छाती झाली नाही, आणि खरं सांगायचं तर मला तिचा अभिमान वाटला.

रविवारी लोक जमले. मंदाकिनी चुन्याची बादली आणि कुंचा घेऊन भिंतीपाशी उभी राहिली. विमला हातगाडीशी लोकांकडे पाठ करून कपड्यांच्या घड्या घालत होती, भैय्यालाल इस्त्रीत कोळसे भरत होता.

"आज या भिंतीबद्दल एवढंच सांगते," मंदाकिनी नेहमीच्याच खणखणीत आवाजात म्हणाली. "या बाईले न विचारता मी तिच्या नवऱ्याच्या चित्राले हार घातला. तिले जे भोगा लागलं, ते माझ्यामुळं. ती म्हणते पोता, म्हणून मी पोतून राहिली."

तिने कुंचा बुडवला आणि खिळ्यापासून सुरुवात केली. पहिला फटकारा खिळ्यावर, दुसरा चित्रातल्या खांद्याच्या बाजूला. कौमुदीने तोंड फिरवलं. चुना ओघळून चित्रातल्या भैय्यालालच्या कोपरापर्यंत आला, तसा खरा भैय्यालाल कळवळला, "अरे दीदी, मेरा हाथ गया!"

विमलाने हातातली चादर खाली ठेवली. ती आली, आणि मंदाकिनीचं मनगट धरलं.

"रुको."

विमलाने चित्राकडे बोट केलं.

"अकेला बनाया न, इसीलिए फोटो हो गया," ती म्हणाली. "घर में जिसका फोटो अकेला टँगता है, माला उसी को चढ़ती है. कपड़ा घर-घर से मैं लाती हूँ. तह मैं करती हूँ, पहुँचाती मैं हूँ. हर इतवार को आप इसका किस्सा सुनाती हो, दीदी, और मैं यहीं खड़ी रहती हूँ. किसी ने पूछा, ये कौन है? आपने बताया?"

मंदाकिनीचा कुंचा खाली आला. राजधानीतलं एकेक कार्यालय जिला तोंडपाठ होतं, तिने दर रविवारी आपल्या मैत्रिणीकडे पाठ फिरवून भाषण केलं होतं. तिचे डोळे भरून आले आणि तिने ते लपवले नाहीत.

"नहीं बताया, विमला. चुकलीच मी."

"तो अब बनाओ. यहीं, जहाँ चूना लगा है. मेरे को इसके बगल में बनाओ. फिर कोई माला डालके दिखाए."

मंदाकिनीने पदराने डोळे पुसले आणि वळली. आवाजात तोच दम. "उभी काहून हाय पोट्टी? रंग आन न!"

कौमुदी पळतच जाऊन रंगाचे डबे घेऊन आली. विमला भिंतीला पाठ लावून, पदर सारखा करून उभी राहिली. कौमुदीने खडूने तिची उंची आखली आणि विचारलं, "आंटी, आपको हँसते हुए बनाऊँ?"

"नहीं," विमला म्हणाली. "इसकी तरफ देखते हुए बनाओ. उस दिन दोपहर तक ये मुझे दिखा नहीं था."

आठवडाभर सगळ्यांना हसवणाऱ्या भैय्यालालने इस्त्री बाजूला उभी केली, हात धोतराला पुसले, आणि हातगाडीमागून येऊन बायकोच्या शेजारी भिंतीला टेकून उभा राहिला.