मंदाच्या नावाची मूठ

हे माझ्या बायकोलाही माहीत नाही. तिला माझी साखर किती, बीपी किती, मी कुठल्या गिऱ्हाइकाला घाबरतो, सगळं पाठ आहे — पण हे नाही. तुम्हाला सांगतोय. का सांगतोय, ते विचारू नका. सांगून मला हलकं वाटावं, असं मी काय मोठं पुण्य केलंय?

सुरुवात सिनेमापासून करतो. म्हणजे बघा — अजूनही आडोसाच शोधतोय.

शूरवीरांचे सिनेमे तुम्हीही पाहत असाल. ढोल वाजतात, धूळ उडते, काजळ घातलेला नट सावकाश मान वळवतो आणि म्हणतो, दिलेला शब्द मोडणार नाही. मग त्या शब्दापायी कुणाचं पोर मरतं, कुणाची बायको उघड्यावर पडते, अख्खं गाव जळतं — आणि हा मात्र शेवटपर्यंत उभा, केससुद्धा विस्कटलेले नाहीत. आपण शिट्ट्या मारतो. पण हा माणूस दुसऱ्या दिवशी जेवायला बसतो का? घास गिळताना त्याला काही होतं का? ते कधी दाखवत नाहीत, कारण त्या जागी ढोल वाजवायची सोय नसते.

आम्ही चोपड्याजवळच्या खेड्यातले. आता माझं जळगावात ठिबकच्या नळ्यांचं दुकान आहे, पण तेव्हा गावातच होतो, लग्न व्हायचं होतं, आणि चोपड्याच्या थिएटरात असला सिनेमा लागला की मी पहिल्या रांगेत. त्यातला एक मी इतक्यांदा पाहिला की डोअरकीपर ओळखीचा झाला. एका किल्लेदारानं राजाला शब्द दिलेला असतो, सूर्य बुडाल्यावर दार उघडणार नाही. त्याचीच लेक बाहेर राहते. ती दार बडवते, आणि हा दाराला पाठ लावून उभा — छाती पुढे, डोळे मिटलेले, गालावर एकच थेंब. लेक मरते. मला त्या पोरीचं काही म्हणजे काही वाटलं नाही. मी म्हणालो, काय माणूस आहे! घरी येऊन आरशापुढे तसा उभा राहून पाहिलं. हसा, हसायलाच सांगितलंय.

आमच्या घरी आबा, मी आणि धाकटी बहीण मंदा. आई लवकर गेली. आबा म्हणजे माझे वडील — किल्लेदाराच्या अगदी उलटा माणूस. बैलाला चाबूक मारायची वेळ आली तर आधी त्याच्या पाठीवरून हात फिरवायचे. भांडणात मध्ये पडायचे नाहीत. मला त्यांची लाज वाटायची. हो, लाज. बापाला मिशी असावी आणि मिशीला काहीतरी अर्थ असावा, असं मला वाटायचं.

मंदानं धुळ्याच्या मिलिंदशी लग्न केलं. मिलिंद शाळेत मास्तर, बौद्ध घरातला, शांत माणूस. कचेरीत सह्या करून लग्न झालं. आणि आमच्या ओट्यावर भाऊकी जमली.

भाऊकी म्हणजे काय, ते बाहेरच्यांना सांगतो. एका कुळाची घरं. एरवी बांधाच्या वितभर मातीसाठी एकमेकांची डोकी फोडतील, पण कुणाची पोरगी स्वतःच्या मनानं वागली की सगळे एका सतरंजीवर बसतात. मधोमध नाना, आबांचे चुलतभाऊ, तंबाखू मळत. म्हणाले,

"पोरगीले घरमा लेवानं नही. शब्द कोण देस?"

आबा खाली बघत बसले. सतरंजीचा एक दोरा ओढत होते. आणि मी उठलो. मला कुणी विचारलं नव्हतं. विचारलं होतं बापाला. मी म्हणालो, "मी देतो शब्द." छाती पुढे होती का? होती. डोळे मिटले होते का? बहुतेक मिटले असतील.

"मर्द ते हाऊ शे!" नाना म्हणाले.

तेवढ्या एका वाक्यावर मी महिनाभर जगलो. गावातून चालताना माझ्या मागे ढोल वाजतात असं मला वाटायचं. तंबाखूच्या पिचकाऱ्या टाकणाऱ्या पाच-पन्नास माणसांची शाबासकी, आणि तिच्यासाठी बहीण दिली. स्वस्तात दिली.

मग श्रावण आला. आमच्या खानदेशात श्रावणात कानबाई बसते. नारळाची देवी, तिला नथ, दागिने, साडी. तिच्या नैवेद्याच्या रोटांसाठी गहू मोजतात ते असे, की घरातल्या प्रत्येक पुरुषाच्या नावानं सव्वा मूठ. तान्हा मुलगा असला तरी त्याची मूठ. बाईच्या नावाची मूठ नसते. आणि ते रोट भाऊकीतच खायचे, बाहेरच्याला देत नाहीत. आमच्याकडे तर लग्न झालेल्या लेकीलाही देत नाहीत.

त्या वर्षी आबांचा दमा फार वाढला होता. मागच्या खोलीत बाजेवर असायचे. तरी गहू मोजताना म्हणाले, मला धरून बसव. त्यांच्या डोळ्यांत मोतीबिंदू, नीट दिसत नव्हतं. मी मुठी टाकत होतो, ते नावं घेत होते. त्यांचं झालं, माझं झालं. मी परात उचलायला लागलो, तर म्हणाले,

"मंदाना नावनी एक मूठ टाक."

मला हसू आलं. मी म्हणालो, आबा, बायकांची मूठ असते का, आणि तिची तर — आबांनी पुढचं बोलू दिलं नाही. "मी सांगी ऱ्हायनू ना." आयुष्यात पहिल्यांदा त्यांचा आवाज असा ऐकला. मी पोत्यात हात घातला, मूठ भरली, परातीवर नेली आणि तशीच परत आणून पोत्यात सोडली. दाण्यांचा आवाज झाला. आबांना तो परातीतला वाटला. त्यांनी हात जोडले.

समजलं का तुम्हाला? ज्याला मी आयुष्यभर भित्रा समजलो, त्यानं देवीच्या नैवेद्यात, भाऊकीच्या पाठीमागे, एका मुठीनं सगळा कायदा मोडला. आणि मी, मर्द, आंधळ्या बापाला फसवत होतो.

पण हे अजून ते नाही. ते पुढे आहे.

रविवारी कानबाई बसली. मागच्या अंगणात काकू आणि चुलतवहिन्या रोट भाजत होत्या, गाण्यांचा गलका चालला होता. दुपारी मंदा आली. एकटी. मिलिंद बस स्टँडवर थांबला होता. तिनं हिरवी साडी नेसलेली, हातात खण-नारळाची पिशवी. ओट्याखाली उभी राहून तिनं हाक मारली, "आबा!"

मागच्या खोलीतून आबांनी ती हाक ऐकली. मला बोलावलं. बाजेवर उठून बसायची धडपड करत होते, एका हातानं टोपी शोधत होते.

"मंदा उनी का रे? तिले घरमा लई ये. लवकर लई ये."

मी बाहेर गेलो. दारात उभा राहिलो. माझ्या हातात तलवार नव्हती, रोटांवर झाकायचा ओला रुमाल होता, त्याचं पाणी माझ्या पायावर गळत होतं. मंदानं माझ्याकडे पाहिलं. आणि मी म्हणालो —

आबा तुझं तोंड बघायला तयार नाहीत. त्यांनी भाऊकीला शब्द दिलाय. म्हणतात, माझी लेक मेली.

हेच ते. एवढंच. मी दिलेला शब्द बापाच्या गळ्यात घातला. का? "माझा शब्द आहे" असं म्हणायचं धैर्य नव्हतं. तिनं माझ्याशी भांडण केलं असतं, मला ढकलून आत गेली असती — तिला मी ओळखतो. बापाचं नाव घेतल्यावर ती जागेवर थांबली. पिशवी ओट्यावर ठेवली आणि गेली. रडलीसुद्धा नाही. सिनेमात निदान दार तरी बडवतात.

आत गेलो. आबा टोपी घालून बसले होते. मी म्हणालो, कुणी नव्हतं, शेजारची पोरगी होती.

"आवाज ते तिनाच व्हता," आबा म्हणाले. टोपी काढून उशाशी ठेवली.

दिवाळीनंतर आबा गेले. मी धुळ्याला निरोप धाडला, तेवढी माणुसकी दाखवली म्हणायची. मंदा आली नाही. निरोप आला, मेलेली लेक कशी येणार? भाऊकीतल्या बायका म्हणाल्या, बघा कशी दगडाच्या काळजाची! मी तिथेच उभा होतो, डोकं भादरलेलं. बोललो का? नाही बोललो.

त्या थोर कायद्याचं पुढे काय झालं, तेही ऐका. काही वर्षांनी नानांच्याच नातवानं पुण्याला परजातीतली, मोठ्या पगाराची मुलगी केली. भाऊकी नवी धोतरं नेसून वरातीत नाचली. नाना नातसुनेला आशीर्वाद देताना म्हणाले, आता काळ बदलला. इतकाच होता तो कायदा. जेवणाचं ताट दिसलं की गुंडाळून खिशात ठेवण्याइतका. आणि मी त्याच्यासाठी काय काय केलं होतं?

मग मी धुळ्याला गेलो. साडी घेऊन. आता कुणी काही म्हणणार नव्हतं, म्हणून गेलो. मंदानं दार उघडलं आणि माझ्या गळ्यात पडून रडली. मिलिंदनं पाणी आणून दिलं. ती शेजारणींना सांगत सुटली — माझा भाऊ आला, सगळ्यांशी वाकडं घेऊन आला! तेव्हापासून मी त्या घरातला हिरो आहे. दर राखीला जातो. भरीत खातो. भाची मला मामा मामा करते. त्या घरात आबांचा फोटो नाही, आणि मी तो कुठेय असं कधी विचारलेलं नाही.

गेल्या महिन्यात भाचीनं तिकिटं काढली. नवा सिनेमा, धुळ्याच्या नव्या थिएटरात. पुन्हा तेच — शब्द, ढोल, धूळ. आता नटाचे दंड जाड झालेत आणि रक्त कॉम्प्युटरवर काढतात, एवढाच फरक. त्यातही एक बाप लेकीकडे पाठ फिरवतो. बाजूची पोरं शिट्ट्या मारत होती. मंदा पदरानं डोळे पुसत होती. माझ्याकडे वाकून हळूच म्हणाली,

"आपला आबा बी असाच व्हतात ना रे भाऊ? मनमा व्हयी, पण शब्द दिधेल व्हता."

म्हणजे इतक्या वर्षांत तिनं बापाला माफ करायची एक वाट शोधून काढली होती. बाप निष्ठुर नव्हता, शब्दाचा पक्का होता. मनात होतं, पण बांधलेला होता. आबांना — सतरंजीचा दोरा ओढत बसणाऱ्या माझ्या आबांना — तिनं त्या काजळवाल्या नटाशेजारी नेऊन उभं केलं होतं. तिला त्यांचा अभिमान वाटत होता. परत येताना म्हणाली, आता एक फोटो मोठा करून लावते.

मी काय म्हणालो असेन?

मी म्हणालो, हो. असेच होते.

फोटो मीच करून दिला. फ्रेमसुद्धा चांगली निवडली. आता तो त्यांच्या बैठकीत आहे, आणि भाची येणाऱ्या-जाणाऱ्याला सांगते, हे माझे आजोबा, शब्दासाठी पोटच्या लेकीला सोडणारे.

त्या कानबाईच्या दिवशी आबांनी आपल्या ताटातला रोट अर्धा मोडून बाजूच्या कोनाड्यात ठेवला होता. वर वाटी पालथी घातली होती. मला म्हणाले, मंदा ये तवय तिले दे. रोट बाहेर जात नाही, टाकताही येत नाही. सोमवारी देवी बोळवून, नाचून घरी आलो. भूक लागली होती. वाटी उचलली आणि उभ्या उभ्या खाल्ला तो. दूध घालून. चांगला लागला.