धुण्याच्या कट्ट्यातले चार चिरे

तो अपघात मी अजून विसरलेलो नाही. त्याच्या पंचनाम्यात चूक होती आणि ती माझी होती.

ऐंशीच्या दशकातली गोष्ट. मी रत्नागिरीत फौजदार होतो. आमच्या घराण्यातला बी.ए. झालेला पहिलाच मी. पंचनामा लिहावा तर यांनीच, असे वरिष्ठ म्हणत आणि ते ऐकायला मला आवडे. एका सकाळी खबर आली : मिरजोळ्याच्या कारखान्यात पहिल्या पाळीला सायकलवरून निघालेला एक कामगार वळणावर मरून पडला आहे. ठोकणारे वाहन पळालेले, बघणारा कोणी नाही.

जागेवर आमचे हवालदार म्हणाले, "साहेब, इथं लाल भुकटी जरा जास्तच दिसतेय."

"कोकणात लाल नाही तर काय पांढरी दिसणार?" असे म्हणून मी लिहिले, 'घटनास्थळी इतर काही मिळून आले नाही.' मयताच्या तोंडावर पंचा होता, तोही त्याचाच समजून नोंदवला.

मयताची बायको दर आठवड्याला बाजाराच्या दिवशी ठाण्यात यायची. पदरात दोन लहान मुली, घरी आंधळी सासू. एकच विचारायची, "सायब, नंबर गावला?"

तिला कोणीतरी बरोबर सांगितले होते. गाडी सापडली, तर मालकावर आणि विमा कंपनीवर नुकसानभरपाईचा दावा. नाही सापडली, तर सरकारची तुटपुंजी मदत. दाव्याला तेव्हा सहा महिन्यांची मुदत होती. पाचवा महिना सरत आला. 'अ समरी', म्हणजे गुन्हा खरा पण आरोपी सापडत नाही असा अहवाल, पाठवून तपास बंद करा, असा वरून निरोप आला. मी आठ दिवस मागून घेतले.

त्याच आठवड्यात त्या वळणावरच्या गावचे पोलीस पाटील आले. म्हणाले, "साहेब, वळणाजवळच्या म्हाताऱ्यानं विहिरीवर धुण्याचा कट्टा बांधलाय. जांभ्या दगडाच्या चिऱ्यांचा! जन्मात ज्यानं चिरा विकत घेतला नाही, त्यानं."

मी पाटलांना घेऊन गेलो. "नाना, हे चिरे कुठून आणलेत?"

"जुने हायत. बापसाच्या वक्तापासना."

"आरं, तुज्या बापसाचा घर कुडाचा व्हता!" पाटील हसले.

मी आवाज चढवला. म्हातारा उठून विहिरीचे पाणी शेंदायला लागला. शेवटी त्याची बायको पाण्याचा तांब्या ठेवता ठेवता म्हणाली, "चोरीचा गुना घालशीला काय त्येंच्यावर?"

तेव्हा माझ्या डोक्यात उजेड पडला. तो कोणाला पाठीशी घालत नव्हता. त्याला भीती होती चार चिऱ्यांची. मी म्हणालो, "नाना, चोरीचा गुन्हा घालणार नाही. साक्षीदार म्हणून नाव घालीन. हा माझा शब्द."

"मी गेलो तवा मानूस गेलेला व्हता, सायब. तोंडावर माजा पंचा टाकला. बाजूला चार चिरे पडलेले. रस्त्यात पडलेला चिरा कोन सोडतो? तुमी यायच्या आदी उचलले."

पंचांसमक्ष कट्टा फोडून चिरे ताब्यात घेतले. त्या काळी चिरा हाताने तासत आणि प्रत्येक कारागिराचा हात वेगळा. चिरे घेऊन खाणी पालथ्या घातल्या. तिसऱ्या खाणीवर एका कारागिराने कडेवरून बोट फिरवले. "हा माझा. अशी कड इथं दुसरा कोण मारत नाय." मुकादमाने वही काढून अपघाताच्या पहाटे गेलेल्या एकुलत्या एका ट्रकचा नंबर सांगितला.

ड्रायव्हर तासभर एकच घोकत होता, "मी त्या रस्त्यानं गेलोच नाय." मी सहज विचारले, "चार चिरे कमी भरले, तेव्हा बांधकामावर काय सांगितलंस?"

"खाणीवरनंच कमी आले म्हणून..." बोलून गेल्यावर आपण अडकलो हे त्याला कळले. मग त्याने धडक कबूल केली.

पोलिसासमोरच्या कबुलीला कोर्टात किंमत नसते. म्हणून बांधकामावरच्या माणसाचा आणि ट्रकचा फुटलेला दिवा बदलणाऱ्या मेकॅनिकचा जबाब घेतला. कागदांच्या नकला त्याच दिवशी बाईच्या हाती दिल्या. दावा मुदतीत दाखल झाला.

पुढे साक्षीला मी उभा राहिलो. विमा कंपनीच्या वकिलांनी पहिला पंचनामा माझ्यासमोर धरला. "फौजदारसाहेब, यात चिऱ्यांचा उल्लेख नाही. मागाहून आणून ठेवलेत का?"

"अंधार होता म्हण," असे एका सहकाऱ्याने आदल्या दिवशी सुचवले होते. मी म्हणालो, "चिरे मी पोहोचण्याआधीच उचलले होते. पण त्यांची भुकटी हवालदारांनी मला दाखवली होती. मी ऐकलं नाही. चूक माझी आहे." हवालदारांनीही तसेच सांगितले. म्हाताऱ्यानेही कचरत का होईना, पंच्यासकट सगळे सांगितले. दावा मंजूर झाला.

निकालाच्या दिवशी बाहेर ती बाई म्हणाली, "सायब, तुमी चुकलाव म्हून सांगितलाव, तवा मना भ्या वाटला. वाटला, गेला आपला दावा."

खरे सांगायचे तर मलाही तेच वाटले होते. पण पंचनाम्यावर वेळ सकाळची होती; अंधाराची थाप मारली असती, तर वकिलांनी पुढच्याच प्रश्नात ती पकडली असती आणि भोगावे लागले असते तिच्या मुलींना. पदवीने मला चांगले लिहायला शिकवले होते. लिहिलेले चुकले हे चारचौघांत कबूल करायला मी त्या साक्षीच्या पिंजऱ्यात शिकलो. पोलिसाची अब्रू एका साक्षीत जात नाही. मयताचे घर मात्र जाऊ शकते.