रिसेप्शनातला वाघदेव

पेठ रोडच्या टेकडीवर रिसॉर्ट झालं, आणि हिरामण गावित लहानपणी जिथं गुरं चारायचा, तिथंच गणवेश घालून गेटवर उभा राहिला. पाहुणे गाडीची काच खाली करून विचारायचे, "इकडचे आदिवासी कुठं बघायला मिळतील?"

"आत, जेवणाच्या हॉलात," हिरामण सांगायचा. "भिंतीवर हायेत."

गावाच्या शिवेवर वाघदेवाचा खांब होता, लाकडात वाघ, चंद्र, सूर्य कोरलेला. शीव रिसॉर्टच्या हद्दीत गेली. मॅनेजर विश्वेशसाहेबांना खांब फार आवडला. त्यांनी तो उपटून रिसेप्शनमध्ये माशांच्या काचपेटीशेजारी उभा केला.

तेव्हापासून हिरामणची आई झुंबरबाई धड जेवेना. "शिवेवर देव नाय, मंग वाघाला कळंल कसं गाव कुठं लागतं? देव उचलून नेला, अन् तू सलाम मारतो!"

"नोकरी हाय, आयो."

"मंग देवाला बी लाव तिथंच कामाला."

"लागलाच हाय की."

वाघबारशीला, म्हणजे वाघदेवाच्या पूजेच्या दिवशी, गाव नैवेद्य घेऊन गेटवर आलं. नियम म्हणून हिरामणनं सख्ख्या आईला विचारलं, "कुणाला भेटायचं?"

"तुझ्या सायबाच्या कैद्याला."

साहेब मात्र हरखले. पाहुण्यांना हाका मारून बोलावलं. पूजा झाली की गावातला एकजण वाघ होतो, परत येणार नाही असं कबूल करतो, आणि लोक त्याला शिवेपार पिटाळतात. ही रीत कळताच साहेब म्हणाले, "वाघ मी होतो!"

झुंबरबाईनं काठी आपटली. "येशील का रं परत?"

"नाही येणार!"

"देवाला शिवेवरनं हलवशील?" हे रीतीत नव्हतं.

"नाही हलवणार!" साहेब हसत पळाले, आणि गेट लगेच आलं.

"एवढंच?" साक्षी नावाची पाहुणी मोबाइल खाली करत म्हणाली. "व्हिडिओ सुरू व्हायच्या आत संपलं."

दुसऱ्या दिवशी साहेबांनी खांब शिवेवर परत रोवला. तिथं पळायला मोकळं माळरान होतं. वाघ पिटाळायचा कार्यक्रम पाहुण्यांसाठी दर शनिवारी ठरला.

"शब्दाला जागला गडी," झुंबरबाई म्हणाली, आणि पोटभर जेवली.

साहेबांचा गुडघा धरला होता, म्हणून वाघ हिरामणला केलं. शनिवारी अंगावर पट्टे ओढून तो खांबाशी उभा राहिला. काठ्या घेतलेल्या पाहुण्यांनी विचारलं, "येशील का परत आमच्या गावात?"

"नाय येणार."

"मोठ्यानं बोला ना काका, रेकॉर्ड होत नाहीये!"

हिरामण मोठ्यानं बोलला, आणि पळत सुटला.