उभ्यानं सिनेमा पाहणारे सर

"पोदुम," म्हणायचे आणि दोन बोटांची कात्री हवेत चालवायचे. पोदुम म्हणजे पुरे. आमच्या संकलक सरांच्या तोंडी हा तमिळ शब्द दिवसातून शंभरदा यायचा. एरवी ते तंजावरी मराठी बोलत, आणि मी सांगलीची म्हणून माझ्याशी जरा जास्तच.

तुम्ही म्हणाल, संकलक म्हणजे कापाकापी करणारा माणूस. पण सरांनी काय कापलं नाही ते विचारा. मारामारीचे सिनेमे, देवादिकांचे, तीन भाषांतले रडके, शिवाय कुकरच्या जाहिराती. आवडी नावाच्या उपनगरातल्या एका कारखान्यासाठी त्यांनी सुरक्षेची फिल्म केली होती. तीत हेल्मेट विसरलेला कामगार शिडी चढू लागला की आमचा जीव टांगणीला लागायचा. "भिववायला भूत कशाला? शिडी पोदुम," सर म्हणायचे.

काम संपत आलं की त्यांची एक रीत होती. बाहेर काढलेल्या चपला पुन्हा घालायच्या, पिशवी खांद्याला लावायची आणि दाराशी उभं राहून अख्खा सिनेमा पाहायचा. "प्रेक्षक असाच असतो गं, अर्धा दाराबाहेर. त्याला बसवलंस तर सिनेमा." सर बसले तर काम पास, नाहीतर पुन्हा कात्री.

कोवलमच्या मासे विकणाऱ्या बायांवर मी माझी पहिली फिल्म केली. संकलनही माझंच. सरांनी दोनदा पाहिली, दोन्ही वेळा उभ्यानंच. "मासे छान आहेत. बाई कुठं आहे?" मला भयंकर राग आला. घरी जाऊन रडलेसुद्धा. मग त्याच रागात सगळे सूर्योदय आणि सगळं संगीत काढून टाकलं, आणि नावेची वाट पाहत नुसती बसलेली एक म्हातारी तेवढी मनसोक्त ठेवली.

तोवर सरांचा शेवटचा दिवस उजाडला. ते मुलीकडे कोइंबतूरला कायमचे निघाले होते. या वेळी पिशवी खरोखरीची भरलेली होती आणि खाली ऑटो उभी होती. "लाव," म्हणाले.

मी पडद्याकडे पाहतच नव्हते, त्यांच्या चपलांकडे पाहत होते. म्हातारी आली. सरांनी पिशवी खाली ठेवली. मग हळूच खुर्ची ओढली आणि बसले. ऑटोवाला दोनदा वर येऊन हाका मारून गेला. तिसऱ्यांदा आला तो स्वतःच दाराशी उभा राहून पाहू लागला.

संपल्यावर सरांनी चष्मा पुसला. "सरी," म्हणाले. सरी म्हणजे ठीक. "थोडं लांबलंय," एवढं बोलून गेले.

कुठं लांबलंय, ते विचारायचं राहूनच गेलं. अजूनही मी कधीतरी चपला घालून, पिशवी लावून दाराशी उभी राहते आणि ते 'थोडं' शोधते. पण म्हातारी आली की मी सरांच्या खुर्चीत बसते.