फेलिसियानाच्या घरचा सहावा दाणा

डोंगरातल्या सार्वा गावच्या निकासिया पोमाकांचारीला लिहिता-वाचता येत नव्हतं आणि त्याची तिला काडीचीही खंत नव्हती. शाळामास्तर वहीत काही टिपताना दिसला की ती म्हणायची, "लिही बाबा, लिही. तुझं डोकं गळकं, तुला वही लागायचीच."

असं म्हणायचा तिला अधिकार होता. सार्व्यात कुणी नवं घर बांधलं की त्याचा कोंपाद्रे, म्हणजे मानलेला सोयरा, त्याला आढ्याला बांधायची लांबलचक रंगवलेली फळी देतो. तळाशी गावची देवमाता, तिच्यावर घरधनी नवरा-बायको, मग त्यांचे आईबाप, भावंडं, काका-मावश्या, असं करत पार वर सूर्यापर्यंत. माणूस जन्मभर हजार उद्योग करतो, पण फळीवर त्याला एकाच कामात काढतात. ते काम कुठलं, हे साठ वर्षं निकासिया सांगत आली होती. नातवंडं ज्या रूपात आजोबाला ओळखणार ते रूप तिच्या तोंडून ठरायचं. गावात याहून मोठा मान मला तरी ठाऊक नाही.

तिची पद्धत साधी होती. प्रत्येक घराची एक विणलेली पिशवी आणि पिशवीत माणसागणिक मक्याचा एक दाणा. जिवंत ते पिवळे, गेलेले ते जांभळे. शालीवर दाणे मांडायचे आणि एकेकाला बोट लावत बोलायला लागायचं.

"सेलेदोनियोला खांद्यावर वासरू घेतलेला काढ," ती सांगायची.

"तो तर दारुडा म्हणून ओळखला जायचा, ममा," चितारी प्रिमितिवो म्हणायचा. सगळा गाव तिला ममाच म्हणायचा.

"दारू काय, तूही पितोस. पुरात वासरू खांद्यावर टाकून नदी पार केली ती त्यानं एकट्यानं. ते काढ. बाटली काढलीस तर तुझ्या फळीवर तुझी घोरणारी स्वारी काढायला लावीन."

माणसातलं चांगलं तेवढं बरोबर वेचून काढायची ती. खोटं मात्र कधी सांगितलं नाही.

त्र्याऐंशीव्या वर्षी मात्र तिच्या मानाला धक्का बसायची वेळ आली. फेलिसियानाच्या मुलानं, विल्बरनं, घर बांधलं. त्याचा कोंपाद्रे ओनोरातो राजधानीत राहून आलेला, त्यामुळे त्याला सगळं कागदावर हवं. निकासियाच्या अंगणात दाणे मांडलेले असतानाच तो सुरू झाला.

"ममा, तुमचं वय झालं. कचेरीतून नावांची यादी आणू या ना सरळ."

"यादीत तुझ्या बापाचं नाव मिळेल. तुझा बाप मिळेल का रे?"

"उद्या एखादा दाणा उंदरानं पळवला म्हणजे?"

"उंदीर तुझ्यापेक्षा शहाणे आहेत, बोलत तरी नाहीत!"

भांडण रंगात आलं होतं आणि बोट आपलं सवयीनं दाण्यांवरून फिरत होतं. फेलिसियानाची पाच मुलं सांगून झाली. मग एक कणभर जांभळा दाणा आला.

"हा एवढासा कोण?" प्रिमितिवोनं विचारलं.

"शालीत गुंडाळलेलं बाळ. झऱ्यापाशी," निकासिया म्हणाली आणि पुन्हा ओनोरातोकडे वळली.

चूक झाली ती इथं. जे कुणाला न सांगायचं वचन दिलं होतं, ते भांडणाच्या भरात तिच्या तोंडून निघून गेलं.

चव्वेचाळीस वर्षांपूर्वी फेलिसियानाचा नवरा किनाऱ्यावर कापूस वेचायला गेला होता आणि ती एकटी वरच्या माळावर लामा चारत होती. दिवस भरायच्या आत बाळंत झाली. योगायोगानं निकासिया त्या बाजूला होती, म्हणून तिनंच नाळ कापली. मुलगी दोन दिवस जगली. दोघींनी मिळून तिला झऱ्याकाठी दगडांखाली ठेवली. "कुणाला सांगू नकोस, ममा," फेलिसियाना म्हणाली होती. "थंडीत नेऊन मी तिला मारली म्हणतील." निकासियानं कुणाला सांगितलं नाही. घरी येऊन पिशवीत एक दाणा तेवढा टाकला.

फळीच्या दिवशी बासरी-ढोल वाजत मिरवणूक आली. ओनोरातोच्या खांद्यावर घोंगडीत गुंडाळलेली फळी, मागून छपराच्या गवताचे भारे आणि चिचाच्या, म्हणजे मक्याच्या दारूच्या, घागरी. फळी भिंतीला टेकवली. घरच्यांनी ती खालून वर वाचायची, आपापल्याला शोधायचं, अशी रीत. कुणी राहिलं किंवा जास्त झालं तर फळी परत जाते, आणि सांगणाऱ्याकडून दोन घागरी चिचा दंड.

घोंगडी सरकली आणि निकासियाला लाल शालीतलं ते इवलं गाठोडं दिसलं. आपण काय बोलून गेलो ते तेव्हा कुठे तिच्या ध्यानात आलं.

विल्बरची बहीण एदेल्मिरा मोजत होती. "आम्ही पाच जणं. इथं सहा कसे?"

हशा पिकला. ओनोरातोला तर तेच हवं होतं. "बघा! सांगत होतो मी. म्हातारी भरकटली. यापुढे कागदच!"

निकासियानं फेलिसियानाकडे पाहिलं. ती हातातली घागर तशीच धरून उभी होती. खरं बोलावं तर हिचं गुपित गावभर, गप्प राहावं तर पुन्हा आपल्या अंगणात कुणी चितारी यायचा नाही. निकासियानं फार वेळ लावला नाही.

"चुकले," ती म्हणाली. हा शब्द तिच्या तोंडून गावानं पहिल्यांदाच ऐकला. "दुसऱ्या घरचा दाणा मिसळला असेल. दंड माझा. प्रिमितिवो, खरवडून टाक ते."

प्रिमितिवोनं सुरी काढली.

"थांब," फेलिसियाना म्हणाली. घागर खाली ठेवून ती फळीपाशी आली आणि तिनं त्या गाठोड्याला बोट लावलं. "चुकलंय खरं. शाल लाल नव्हती. मातकट होती. माझीच होती."

ढोलवाल्यानं हात आवरला. एदेल्मिरानं हळूच विचारलं, "कोण आहे ती, आई?"

"तुमची थोरली बहीण. दोन दिवसांची होऊन गेली. नाळ हिनं कापली." तिनं निकासियाचा हात धरला. "चव्वेचाळीस वर्षं तोंडातून ब्र काढला नाही हिनं. आणि आत्ता माझ्यासाठी चारचौघांत खोटी पडायला निघाली होती."

प्रिमितिवोनं नव्या भिंतीच्या पायथ्याची चिमूटभर माती घेतली, डिंकात कालवली आणि कोंबडीच्या पिसानं शाल मातकट करायला बसला. ओनोरातो खाली मान घालून त्याला वाटी धरून बसला. यादीचं नाव त्यानं पुन्हा काढलं नाही.

"रंग चुकला तो चुकलाच," निकासिया डोळे पुसत म्हणाली. "दोन घागरी देते मी."

"तिचं नाव काय होतं?" विल्बरनं विचारलं.

सवयीनं सगळ्यांच्या माना निकासियाकडे वळल्या. तिनं दाणा जपला होता, शाल, झरा, दगड, सगळं जपलं होतं. नाव तिला कुणी सांगितलंच नव्हतं.

"इलारिया," फेलिसियाना म्हणाली. "झऱ्याचं पाणी डोक्यावर घालून मीच ठेवलं होतं."

"पुन्हा सांग गं," निकासिया म्हणाली. तिनं बरोबर आणलेल्या त्या घरच्या पिशवीतून तो जांभळा दाणा काढून तळहातावर धरला आणि ओठांतल्या ओठांत नाव घोकत राहिली.