आत्याबाई आणि पेटीतला माणूस

फोन आला तेव्हा मी निर्मल गावातल्या खेळण्यांच्या कारखान्यात बसून एका गिऱ्हाइकाला इंग्रजीत पत्र लिहीत होते. खोक्यातले चार लाकडी पोपट चोची मोडून पोचले होते, त्याची माफी मागायची होती. पलीकडून माझा नवरा, दिगंबर, एवढंच म्हणाला, "रेखा, आई गेली." थोडं थांबून, "तू कुठवर आलीस?"... कुठवर आलीस म्हणे! मी तर खुर्चीतून उठलेसुद्धा नव्हते. मला कोणी काही कळवलंच नव्हतं. आत्याबाईंना, म्हणजे माझ्या सासूबाईंना, मी घरून निघाल्यावर, सकाळी आठपासून धाप लागलेली. दहाला डॉक्टर सुई देऊन गेला, आदिलाबादला न्यायला गाडी ठरली, ती दारात येईपर्यंत सगळं संपलं. आणि इतका सगळा वेळ माझा फोन माझ्यासमोर टेबलावर मुकाट पडून. "पोशव्वा म्हणाली, तुला फोन केला म्हणून," दिगंबर म्हणाला. पोशव्वा म्हणजे माझ्या माघारी आत्याबाईंजवळ बसणारी, मागच्या गल्लीतली म्हातारी. तिनं फोन केला नव्हता. चक्क खोटं बोलली होती. लोकांना वाटेल मी बसमध्ये रडत आले असेन. नाही. निर्मलपासून घरी गुडीहत्नूरपर्यंत मी नुसती दातओठ खात होते.

घरी अंगणभर माणसं. चुलतसासू सगळ्यांदेखत म्हणाली, "आली का वं माय? आता काय करतं येऊन!" पोशव्वा कोपऱ्यात पदर तोंडात कोंबून बसली होती. तिला मी एकच विचारलं, "फोन काऊन नाही केला?" ती म्हणाली, "अम्मा नको म्हनली." बस्स. तेराव्यानंतर ती लेकीच्या गावी निघून गेली आणि मी त्या खोलीत जाऊन बसले. कारखान्यातून दोनदा विचारणा झाली, मी "पुढच्या आठवड्यात येते" म्हणत राहिले. आजारी माणसानं नको म्हटलं म्हणून कोणी सुनेला कळवायचं टाळतं का? की शेवटच्या वेळी मी डोळ्यांसमोर नको होते? हा प्रश्न काही केल्या जात नव्हता आणि मीही त्या खोलीतून हलत नव्हते.

आत्याबाईंचं नाव अनसूयाबाई. आमच्या भागातले आठवडी बाजार ज्यांनी केलेत त्यांना त्या आवाजावरून ठाऊक असतील. वांग्यांची टोपली पुढ्यात घेऊन बसल्या की मराठी, तेलुगू, हिंदी, तिन्ही भाषांत भांडायच्या. वांगं दाबून पाहणाऱ्याची तर धडगत नव्हती. "माह्या मालाची नाडी नोको पाहू," म्हणायच्या. घरात पाय म्हणून ठरायचा नाही. मी लग्न होऊन पांढरकवड्याहून इकडे आले, बी.ए. झालेली, तेव्हा त्यांना वाटलं होतं, सून हिशेबाला बसेल. मी बसले चुलीशी. तेव्हाही आमचं फारसं जमत नव्हतं, उगाच गोड कशाला लिहू? आणि मग तीन वर्षांपूर्वी त्या आमच्या घरापुढच्या दुकानाच्या पायरीवरून घसरल्या, मणका गेला. कमरेखालचं सगळं थंड. सबंध तालुका पालथा घालणारी बाई दुकानामागच्या खोलीत, एका खिडकीसमोर, आणि खिडकीतून दिसायची गोदामाची भिंत. पुसणं, कूस बदलणं, भांडं देणं, काढणं... सगळं माझ्याकडे. मुलगी शाळेला आणि दिगंबर दुकानात गेला की उरलो आम्ही दोघी. दिवसातून चाळीस वेळा हाक यायची, "रेखा वं!" मी भाजी चिरताना दचकायचे. एकदा मोरीत तोंडात टॉवेल कोंबून ओरडले होते, आज सांगते.

माझ्या भावानं त्याचा जुना लॅपटॉप मला दिला होता. त्यात एक खेळ होता. पिवळ्या कोटातला, लांब नाकाचा एक माणूस एका पडक्या लॉजमध्ये कोंडला गेलाय आणि त्याला बाहेर काढायचंय. चित्रातल्या वस्तूंवर टकटक करायचं, काही उचलून त्याच्या पिशवीत टाकायचं, याला ते लावून बघायचं. गोळ्या नाहीत, मारामारी नाही, नुसती कोडी. गंमत अशी, की त्या माणसाला ठाऊक असतं, आपण खेळात आहोत आणि काचेपलीकडून कोणीतरी आपल्याला नाचवतंय. तो सरळ आपल्याकडे बघून बोलतो, कुरकुरतो, टोमणे मारतो. एका दुपारी आत्याबाईंच्या पायथ्याशी बसून मी खेळत होते, तर त्या म्हणाल्या, "काय टकटक करून राह्यली वं? अन् तो नाकाड्या काय म्हनते?" तो इंग्रजीत म्हणत होता, माझ्या नाकाला हात लावू नका. मी मराठीत सांगितलं. आत्याबाई हसल्या. पडल्यापासून पहिल्यांदा हसल्या असतील. "पुढं चालव," म्हणाल्या. लॅपटॉपला त्या पेटी म्हणायच्या.

मग ते रोजचंच झालं. तो बोलायचा, मी मराठीत सांगायचे, आणि कोडं त्या सोडवायच्या. मला वाटायचं आपण शिकलेल्या, आपल्याला सुचेल. कप्पाळ! लॉजचा रखवालदार दाराशी झोपायचा आणि हा पाऊल टाकायला गेला की जागा व्हायचा. मी चार दिवस त्याच्यावर चादर टाक, उशी टाक, बुटांना चिंधी बांध, सगळं करून थकले. आत्याबाई म्हणाल्या, "अवं, तो पेटीतला बाजा वाजून राह्यला ना, थ्यानं त्याची झोप मोडते. आवाज बारीक कर." मी म्हटलं, तो खेळाचा बाजा आहे, रखवालदाराला कसा ऐकू येईल? तरी करून पाहिलं. खऱ्याखुऱ्या लॅपटॉपचा आवाज बंद केला आणि रखवालदार घोरायला लागला, हा निघाला चवड्यांवर! आम्ही दोघींनी टाळ्या पिटल्या. दुकानातून दिगंबर धावत आला, काय झालं म्हणून. दुसऱ्या एका खोलीत किल्ली कुठंच सापडेना. आत्याबाई म्हणाल्या, "त्याच्या मागं नोको लागू. जरा एकटं सोड त्याले." पेटी तशीच उघडी ठेवून मी त्यांची चादर बदलली, चहा केला. पाहते तर तो माणूस इकडेतिकडे बघतोय, "गेली वाटतं बया" असं काहीतरी पुटपुटतोय, आणि हळूच स्वतःच्या मोज्यातून किल्ली काढतोय. लबाड! आत्याबाई म्हणाल्या, "गिऱ्हाइकं अशीच असतात. आपून तोंड फिरवलं का कनवटीतून काढतात."

हळूहळू मी त्याच्या बोलण्यात माझं मिसळायला लागले. तो म्हणायचा, इतक्यांदा टकटक करू नका. मी सांगायचे, "म्हणतो, सकाळपासून किती हाका माराल, मला हात दोनच आहेत." आत्याबाई पेटीकडे बघून म्हणायच्या, "मंग तिसरा लाव." तो म्हणायचा, या खोलीला कुबट वास येतो. मी सांगायचे, "म्हणतो, औषध वेळेवर घेतलं नाही तर मी बोलणार नाही." त्या मुकाट घ्यायच्या. मला वाटायचं, म्हातारीला काय कळतंय. मोठी हुशारी वाटायची मला माझी.

गेल्या वर्षी निर्मलच्या त्या कारखान्यातून बोलावणं आलं. लाकडी खेळणी करणारे लोक, परदेशी गिऱ्हाइकांशी इंग्रजीत लिहायला माणूस हवा होता. मी अर्ज केलेला, सहज, कोणाला न सांगता. पत्र आलं आणि मी ते डाळीच्या डब्यात ठेवलं. सांगून उपयोग काय? त्यांना सोडून दिवसभर जाणार कुठं? अकरा दिवस मी डाळ काढताना ते पत्र बाजूला सारायचे आणि झाकण लावायचे. बाराव्या दिवशी खेळात तो माणूस काचेला नाक लावून उभा होता. म्हणाला, तुम्ही आहात ना अजून? एवढंच. आणि मी सांगायला लागले, "म्हणतो, मी इथं किती दिवसांपासून कोंडलोय. बाहेरून बोलावणं आलंय, पण सांगू कोणाला? दार कोणी उघडलं नाही तर मी इथंच सडून जाईन..."

आत्याबाई पेटीकडे बघून म्हणाल्या, "एवढं बोल्ला तो?"

"हो."

"त्याचं तोंड तं कवाचंच बंद झालं." मग माझ्याकडे न बघता, "कुठून आलं बलावनं?"

"निर्मलहून."

"कवा?"

"अकरा दिवस झाले."

"अन् मले त्या नाकाड्याच्या तोंडून सांगून राह्यली? मी काय तुह्या पायात बेडी घातली?"

"घातली!" मी म्हटलं. निघून गेलं तोंडातून. दोन वर्षांचं एका शब्दात निघालं. त्यांनी भिंतीकडे तोंड फिरवलं. दोन दिवस माझ्याशी बोलल्या नाहीत, पेटी उघडू दिली नाही. मला वाटलं, झालं, आता जन्मभर असंच. तिसऱ्या दिवशी त्यांनी खिडकीतून एवढ्या मोठ्यानं पोशव्वाला हाक मारली की भरला बाजारच आठवला. पोशव्वाशी तेलुगूत काय ते ठरवलं आणि मला म्हणाल्या, "सोमवारपासून जाय. अन् गेली का मंग रोज जाय. दोन दिवस जाऊन तिसऱ्या दिवशी माह्या पायाशी येऊन बसली तं पाह्य." आशीर्वाद नाही, डोक्यावर हात नाही. वांगी तोलून टोपलीत टाकावीत तसं टाकलं त्यांनी ते.

मी जायला लागले. निर्मलचा घाट उतरताना पहिला महिना मी दर वळणाला फोन काढून बघायचे, आज काही झालं तर? त्या मात्र सांगायच्या, आज एक कुलूप उघडलं, आज तो विहिरीत उतरला. दोन्ही हात धड होते, पेटीच्या पडद्यावरचा बाण फिरवायला शिकल्या होत्या. इंग्रजीचं अक्षर येत नसताना कसं काय चालवायच्या, मी कधी विचारलं नाही. कुरकुर, भांडणं, हाका, सगळं चालूच होतं. फक्त संध्याकाळी सातनंतर.

आणि मग तो फोन.

परवाच्या रविवारी पोशव्वा परत आली. उंबऱ्यात बसली. मी पाणीसुद्धा विचारलं नाही. म्हटलं, "खोटं काऊन बोललीस, ते सांग आधी." तिला तोडकंमोडकं मराठी येतं. म्हणाली, रोज दुपारी अम्मा पेटी उघडायची आणि तो मनुष्य काय बोलतो ते मला तेलुगूत सांगायची. मी चमकले. "अम्माला इंग्लिश येतंय ना, अक्का? सगळं सांगायची. तो म्हनतो, पोशव्वा, दोन घास जास्ती खा. तो म्हनतो, रेखाची बस घाटात असंल आता, पाऊस नको. तो म्हनतो, पोरगी इथं होती तवा पिवळी दिसत होती, आता बरी दिसते..."

"आणि त्या दिवशी?" मी विचारलं.

"त्या दिवशी अम्माला दम लागला. डॉक्टर यायच्या आधी मी फोन हातात घेतला, तुमचा नंबर काढला. अम्मानं पेटीकडं बोट केलं. म्हनली, ऐक, तो काय म्हनतो. म्हनतो, तिला बलावू नको. आज अर्ध्यातून उठून आली तं उद्या जानार नाही, कदीच जानार नाही. दिगूला सांग, फोन केला. मी काय करू, अक्का? तो बोलला, अम्मानं ऐकलं. सगळे मला खोटारडी म्हनतात. लेकीकडं मला झोप नाही. तुमी शिकलेल्या. पेटी लावून बघा ना... तो खरंच असं बोलला होता का?"

मला इतका राग आला, आत्याबाईंचा. माझ्या वतीनं सगळं परस्पर ठरवून मोकळ्या! मला तुमच्याजवळ बसायचं होतं हो, भांडायला का होईना, शेवटचं पाणी द्यायला... आणि तरी त्यांचं खरंच होतं. त्या दिवशी धावत आले असते तर मी पुन्हा घाट उतरले नसते. मी पेटी उघडली. खेळ त्यांनी थांबवला होता तिथून सुरू झाला. तो पिवळ्या कोटातला माणूस एका गच्चीवर उभा होता, खूप वरच्या, लॉजच्या कितीतरी पुढच्या. तिथवर मी कधीच पोचले नव्हते. त्यानं आमच्याकडे पाहिलं आणि इंग्रजीत म्हणाला, इथं वारा फार आहे, दार लावून घ्या.

पोशव्वा माझ्या तोंडाकडे बघत होती.

"म्हणतो, मीच बोललो होतो," मी सांगितलं. "म्हणतो, पोशव्वाची काही चूक नाही."

पोशव्वानं दोन्ही हात जोडले आणि पेटीला नमस्कार केला. मग डोळे पुसत म्हणाली, "अन् आता? आता काय म्हनतो?"

तो काहीच म्हणत नव्हता. कोट सारखा करत उभा होता. मी म्हटलं, "म्हणतो, उद्या सोमवार आहे. बाईनं कामावर जावं."