झाडूच्या चित्राखाली शब्द नव्हता

निर्मलाताईंना मी पहिल्यांदा भेटले ती सुरतेच्या कतारगाममध्ये, हिऱ्यांच्या एका कारखान्याच्या वरच्या मजल्यावरच्या त्यांच्या भाड्याच्या कचेरीत. नव्वदच्या दशकाचा मध्य होता. खाली हिरे घासणाऱ्या चाकांची घरघर फरशीतून पायांना जाणवायची. ताई मूळच्या धुळ्याकडच्या. लग्नानंतर सुरतेत आल्या, चाळिशीच्या उंबरठ्यावर संगणक शिकल्या आणि कापड रंगवणाऱ्या कारखान्यांसाठी प्रोग्राम लिहू लागल्या. मी त्यांच्याकडे नोकरी मागायला गेले होते.

त्यांनी मला संगणकासमोर बसवले. पडद्यावरच्या शब्दांवर कागदाच्या पट्ट्या चिकटवलेल्या होत्या, नुसती चित्रे दिसत होती. "कोणतं चित्र दाबलं तर काय होईल, सांग." सहांपैकी चार मला ओळखता आली नाहीत. नोकरी गेली असे समजून मी उठू लागले.

"बस गं," ताई म्हणाल्या. "मी काढलेलं चित्र सगळ्यांना समजतं असं मला वाटत राहतं. समजलं नाही, असं तोंडावर सांगणारं माणूस हवंय मला."

मी सोमवारपासून रुजू झाले.

आजच्या वाचकांना सांगायला हवे, की त्या काळी एक चित्र म्हणजे बत्तीस ओळींत बत्तीस ठिपके आणि मोजून सोळा रंग. ताई आधी चौकटींच्या कागदावर पेन्सिलीने चित्र काढत आणि मग एकेक ठिपका पडद्यावर भरत. चित्राखाली नावाची पट्टी, म्हणजे लेबल, असलेच पाहिजे हा त्यांचा आग्रह. चित्र आणि शब्द यांच्यात किती जागा सोडायची यावर त्या अर्धा अर्धा दिवस घालवत. मी तरुण होते, मला घाई होती. पडदे लहान, बटणे वाढत चाललेली. "ताई, लेबलं काढून टाकू या ना. चित्रं पुरेशी बोलकी आहेत," असा हट्ट मी धरला. मुलाखतीत मला स्वतःलाच चार चित्रे कळली नव्हती, हे मी सोयीस्करपणे विसरले. ताईंना पटले नव्हते, तरी त्यांनी मला एकदा करून पाहू दिले.

तो लेबलांविनाचा प्रोग्राम पलसाण्याच्या एका रंगकारखान्यात बसवला. तिथल्या रंगखोलीत सुकलालभाऊ रंग वजन करून द्यायचे. शिरपूरकडचे, अबोल, बोटांची नखे कायम निळी. प्रत्येक छटेसाठी कोणता रंग किती घ्यायचा, ते त्यांना आता पडद्यावर दिसत असे. महिन्याभरात कारखान्यातून निरोप आला: मरून रंगाची कृतीच गायब झाली आहे, साड्यांचा माल थांबला आहे, ताबडतोब या.

आम्ही पोहोचलो तेव्हा सुकलालभाऊ भिंतीला टेकून उभे होते आणि सेठ त्यांचा हिशेब चुकता करायला सांगत होते. ताई आधी भाऊंजवळ गेल्या. "भाऊ, काय दाबलं होतं तुम्ही?"

"ताई, त्या झाडूवर दाबं," ते अहिराणीत म्हणाले. "माले वाटनं, पडदा साफ व्हई जाई."

तो झाडू मी काढला होता. कृती कायमची पुसण्याचे ते बटण. मी फार हौसेने त्याचा एकेक काडी रंगवली होती. खाली शब्द नव्हता, कारण शब्द मीच काढायला लावला होता.

ताईंनी माझ्याकडे पाहिलेसुद्धा नाही. त्या सेठना गुजरातीत म्हणाल्या, "सेठ, भूल एनी नथी, मारी छे." चूक यांची नाही, माझी आहे. सेठ ऐकेनात, आज हे पुसले, उद्या दुसरे पुसेल, असे म्हणू लागले. तेव्हा ताईंनी शांतपणे सांगितले, की यांना काढणार असाल तर आमचा प्रोग्रामही काढून टाका. तो कारखाना आमचा सर्वांत मोठा ग्राहक होता. तो गेला असता तर आमचा वरचा मजलाही सुटला असता, हे आम्हा दोघींनाही ठाऊक होते.

मग ताईंनी भाऊंना स्टुलावर बसवले, पाणी दिले आणि विचारले, "मरून तुम्ही किती वेळा केला असेल?" भाऊंनी डोळे मिटले आणि सगळी कृती वजनासकट सांगितली. ताईंनी ती कागदावर लिहून घेतली. रंगमास्तरांनी कापडाचा तुकडा बुडवून वाळवला, जुन्या तुकड्याशेजारी धरला आणि रंग जुळला म्हणून मान डोलावली. सेठ हिशेब राहू द्या म्हणाले आणि निघून गेले. दुसऱ्या दिवशी सुकलालभाऊ कामावर होते आणि पुढे निवृत्त होईपर्यंत तिथेच राहिले.

परतीच्या बसमध्ये मी ताईंच्या ओरडण्याची वाट पाहत होते. सचिन गाव मागे पडले, उधना आले. शेवटी त्या एवढेच म्हणाल्या, "उद्या चौकटींचा कागद जास्त आण."

पुढचे आठ दिवस आम्ही रंगखोलीतच बसलो. कायमचे पुसण्यासाठी कोणते चित्र हवे, हे ताईंनी तिथल्या प्रत्येकाला विचारले. मी लाल फुली सुचवली. भाऊ म्हणाले, फुली म्हणजे चुकले. मग त्यांनीच रद्दीचा कागद घेऊन मधोमध फाडला. "हाई गया. परत नहीं येवाव." गेलेले परत येणार नाही असे सांगणारा फाटलेला कागद हेच चित्र ठरले. ते इतर बटणांपासून दूर ठेवले आणि खाली शब्द घालायचे ठरले.

पण आमची आधीची लेबले इंग्रजीत असत; भाऊंना वाचता येईल असा शब्द हवा, तर त्या संगणकावर मराठी अक्षरे उमटतच नव्हती. ताई म्हणाल्या, "मग शब्दाचंही चित्र काढायचं." ते काम त्यांनी मला दिले आणि मला माझी लाज उघडी करावी लागली. आमचे घर भेस्तानला, वडील अमरावतीकडून लूमवर, म्हणजे यंत्रमागावर, कामाला आलेले. घरात वऱ्हाडी बोलत असू, पण शिकले मी गुजराती शाळेत. मराठी मला नीट लिहिता येत नव्हते. ताईंनी कुणाला कळू दिले नाही. जेवणाच्या सुट्टीत डबा बाजूला सारून त्या माझा हात धरून चौकटींतून अक्षरे भरून घेत. 'पुसा'तला उकार माझ्याकडून त्यांनी अकरा वेळा काढून घेतला. "घाई नको. हे वाचून कुणीतरी बटणावरून बोट उचलणार आहे," त्या म्हणत.

मी सुरत सोडून वीस वर्षांहून अधिक काळ लोटला. आता पुण्यात मोठ्या कार्यालयात बसते, चित्रे काढणारा विभाग वेगळा, शब्द लिहिणारा वेगळा, आणि आम्ही कुणी कुणाला भेटत नाही. काचेपलीकडे सगळे शांत असते. कधी कधी पायांना ती घरघर हवीशी वाटते, आणि शेजारच्या खुर्चीतून कुणीतरी "हे मला समजलं नाही गं" म्हणावे असे वाटते. ताई फोनवर विचारतात, "कधी येशील?" मी दिवाळी म्हणते, आणि दिवाळी निघून जाते.

ताईंच्या पंच्याहत्तरीनिमित्त निघणाऱ्या या गौरवग्रंथात लिहिणाऱ्या आम्हा सर्वांच्या वतीने त्यांना निरोगी आणि उदंड आयुष्य चिंतिते. त्यांची दृष्टी तेज राहो, हात स्थिर राहो. या मागण्यात माझा स्वार्थही आहे. हा लेख मी मराठीत, हाताने लिहिला आहे. तो टपालाने न पाठवता त्यांच्यासमोर बसून वाचायचा आहे, आणि कुठे समजले नाही ते त्यांनी मला तोंडावर सांगायचे आहे.